बँकेच्या हद्दीतली खोली

सिडकोतल्या त्या रांगेत सगळी घरं एकसारखी होती, पण घरातल्या फरशीवर लाल रेघ फक्त गांगुर्ड्यांकडे होती.

लहानूभाऊ गांगुर्डे मोजणी खात्यात होते. दिंडोरीपासून सिन्नरपर्यंत कुणी कुणाचा बांध कोरला की यांना बोलावणं जायचं. मग हे टेप घेऊन उन्हात उभे राहायचे आणि दोन भावांच्या मध्ये हद्दीचा दगड रोवून यायचे. अशा माणसानं त्र्याण्णव साली बँकेकडून एक लाख रुपये काढून वीस वर्षांच्या हप्त्यानं घर घेतलं. नवं घर बघून लोक पडद्यांचा विचार करतात. लहानूभाऊंना पहिला प्रश्न पडला तो असा, की यातलं आपलं किती आणि बँकेचं किती?

घर चारशे चौरस फूट, वर्षं वीस. म्हणजे वर्षाला वीस चौरस फूट आपले. भागाकार इतका सुबक सुटला, बाकी शून्य, की लहानूभाऊंना तो देवानंच सोडवून दिल्यासारखा वाटला. दर पाडव्याला ते आंघोळ करून टेप काढायचे, मागच्या भिंतीपासून मोजायचे आणि लाल ऑइलपेंटनं फरशीवर नवी रेघ ओढायचे. जुनी रेघ रॉकेलनं पुसायचे. रेघेच्या मागचं घर आपलं, पुढचं बँकेचं. नारळ फुटायचा, रेघेवर झेंडूची माळ पडायची आणि सगळ्यांनी ती ओलांडून आपल्या हद्दीत पाय ठेवायचा.

मोजणी मागच्या कोपऱ्यातून सुरू झाल्यामुळे पहिल्या वर्षी जो भाग गांगुर्ड्यांच्या मालकीचा झाला तो संडास होता. लताबाईंनी, म्हणजे त्यांच्या बायकोनं, नारळ फोडायला साफ नकार दिला होता.

बरं, हद्द म्हटली की नियम आले. बँकेच्या भिंतीला खिळा ठोकायचा नाही. तेल लावलेलं डोकं टेकायचं नाही. त्यामुळे हॉलमध्ये घड्याळ टीव्हीच्या डोक्यावर बसायचं, आणि कॅलेंडर, देव, आजोबांचा फोटो, आरसा असं सगळं स्वयंपाकघरात दाटीवाटीनं लटकायचं. गुढीसुद्धा समोरच्या गॅलरीत नाही, मागच्या दारी ड्रेनेजच्या पाइपाशेजारी उभी राहायची. शेजारचे पुंजाभाऊ दर वर्षी मुद्दाम मागे येऊन विचारायचे, "काय लहानूभाऊ, यंदा बँकेचं किती राज्य खालसा केलं?"

आता राहिली मागची खोली. लहानूभाऊंचं म्हणणं असं, की खोली बँकेची आहे, तर तिनं बँकेसाठी कमवायला नको का? म्हणून तिथं लंकाबाई भाड्यानं राहायच्या. महिना पाचशे रुपये, ते हप्त्यात. लंकाबाई पेठकडच्या, ब्लाउज शिवायच्या. त्यांचं मशीन सुरू झालं की हॉलमधल्या टीव्हीवरच्या बाईचा आवाज जायचा आणि नुसते ओठ हलायचे. गेली काही वर्षं लाल रेघ त्यांच्या खोलीतून सरकत होती. एका वर्षी तर त्यांचं डोकं गांगुर्ड्यांच्या हद्दीत आणि पाय बँकेच्या, अशी खाट आली होती. त्यांनी त्याबद्दल कधी तक्रार केली नाही, पण पाय लांब करताना "बँकेत जाऊन येते" म्हणायच्या.

येत्या पाडव्याला दहा वर्षं पुरी होत होती. दहा वर्षं, दोनशे चौरस फूट, म्हणजे ती खोली अख्खी आपली. आणि आपली झाली की ती मुलीची, राखीची, हे लहानूभाऊंनी चार वर्षांपूर्वीच जाहीर केलं होतं.

राखी नववीत होती. ती हॉलमध्ये झोपायची, हॉलमध्ये अभ्यास करायची, पाहुणे आले की हॉलमधून उठून ओट्यापाशी बसायची. जून महिन्यात दहावी सुरू होणार होती. दहावीला स्वतःची खोली, तिला दार, दाराला कडी! ती रात्री डोळे मिटून ती कडी लावून बघायची. लंकाबाईंना एप्रिलअखेर खोली सोडा असं सांगूनही झालं होतं, आणि त्यांनी कापडाची गाठोडी बांधायला घेतली होती.

राखीचं आणखी एक सांगायला हवं. जानेवारीत तिनं आंतरशालेय वक्तृत्व स्पर्धेत ढाल मिळवली होती. तोपर्यंत वर्गात हजेरीला 'उपस्थित' म्हणतानाही जिचा घसा बसायचा, ती मुलगी त्या दिवसापासून जेवताना मीठसुद्धा हात पुढे करून, पल्लेदार वाक्यात मागायला लागली होती. तेव्हा दशकपूर्तीच्या जेवणाला भाषण कुणी करायचं, हा प्रश्नच नव्हता. रांगेतली चाळीस माणसं येणार होती. श्रीखंडाचा चक्का सांगून झाला होता. भाषणाचा शेवट तिनं असा योजला होता, की एक बोट वर करायचं, थांबायचं, आणि बँकेचं नेमकं किती देणं उरलं तो आकडा सांगायचा. पन्नास हजाराच्या आसपास असणारच. पण भाषणात आसपास चालत नाही. म्हणून शाळा सुटल्यावर ती गणवेशातच, घरातलं कर्जाचं पासबुक घेऊन बँकेत गेली.

कर्जाच्या टेबलावर शुभांगी मॅडम होत्या. त्यांनी खातं बघितलं आणि सांगितलं, "एक्क्याऐंशी हजार सहाशे चौदा."

राखीनं समजूतदारपणे हसून सांगितलं की मॅडम दुसऱ्या कुणाचं तरी खातं बघतायत. गांगुर्डे, लहानू, एक लाख, दहा वर्षांत एकही हप्ता चुकलेला नाही. मॅडमनी परत बघितलं. आकडा तोच. मग राखी उभी राहिली आणि तिनं स्पर्धेच्या आवाजात, अख्ख्या बँकेला ऐकू जाईल असं विचारलं की महिना तेराशे सतराप्रमाणे दहा वर्षांत आम्ही एक लाख अठ्ठावन्न हजार भरले. घेतले एक लाख. तरी एक्क्याऐंशी हजार बाकी कसे? कॅशच्या रांगेतले लोक वळून बघायला लागले. कुणीतरी 'बरोबर आहे पोरीचं' असंही म्हटलं.

मॅडम चिडल्या नाहीत. त्यांनी तिला बसवलं, पाणी दिलं आणि एक गणित घातलं. लाख रुपयांवर दर साल पंधरा टक्के, तर एका महिन्याचं व्याज किती? राखीनं तोंडी सांगितलं, साडेबाराशे.

"आणि हप्ता?"

"तेराशे सतरा."

"मग कर्जातून फिटले किती?"

राखीनं मनात वजाबाकी केली. सदुसष्ट. वडिलांनी तेराशे सतरा रुपये मोजून दिले, आणि घराचे फक्त सदुसष्ट रुपये फिटले.

"लग्नात पंगती असतात ना," मॅडम म्हणाल्या, "तसं आहे हे. हप्ता आला की व्याज पहिल्या पंगतीला बसतं. ते पोटभर जेवतं. मुद्दल शेवटच्या पंगतीला. तिथं काय उरतं ते तुला माहीतच असेल."

माहीत होतं. वाटीभर पातळ वरण आणि मोडलेली जिलेबी. मॅडमनी पुढं समजावलं की जसंजसं मुद्दल कमी होतं तसं व्याजाचं पोट लहान होतं, म्हणून शेवटच्या वर्षांत कर्ज भराभर फिटतं. सुरुवातीची वर्षं मात्र सगळी व्याजाची जेवणावळ. राखीनं वीस वर्षांचा गुणाकार केला. तीन लाख सोळा हजार. एका घरात राहायचं आणि तीन घरांचे पैसे द्यायचे. तिनं आजूबाजूला बघितलं. पंखे फिरत होते, शिपाई चहा वाटत होता, कुणीच ओरडत नव्हतं.

निघता निघता मॅडमनी आणखी एक गोष्ट सांगितली. हल्ली व्याजाचे दर खूप उतरले आहेत. नवीन माणसाला बँक आठ टक्क्यांनी घर देते. जुन्यांचं मात्र जुन्याच दरानं चाललंय. थोडी फी भरून अर्ज केला की त्यांनाही आठ टक्के लागू होतात.

"आम्हाला कुणी सांगितलं नाही."

"तुम्ही कुणी विचारलं नाही. वडिलांना घेऊन ये, सही त्यांची लागेल."

राखी घरी आली ती विचार करतच. वडिलांना सांगावं तर पैसे वाचणार होते. पण सांगितलं की दोनशे चौरस फूट गेले, खोली गेली, कडी गेली. दहावीचं वर्ष टीव्हीखाली आणि मशीनच्या खडखडाटात. न सांगितलं तर लंकाबाई महिन्याभरात जाणार. मग सांगता येईल की, जूनमध्ये. कर्ज दहा वर्षं थांबलं होतं, अजून दोन महिन्यांनी काय बिघडणार होतं? फक्त तिचं डोकं मेलं थांबायला तयार नव्हतं. ते आपलं आपण हिशेब करत होतं: या महिन्याचं व्याज हजार वीस. पुढच्या महिन्याचं पुन्हा हजाराच्या वर. खोलीत कडी लावून बसलेल्या राखीच्या दाराबाहेर, पाटावर, व्याज मांडी घालून जेवत होतं.

दोन दिवस ती बोलली नाही. मीठ नुसतं बोट दाखवून मागितलं. लताबाईंनी तिच्या कपाळाला हात लावून बघितला, मग मीठ-मोहरी ओवाळून टाकली.

पाडव्याच्या आदल्या संध्याकाळी लहानूभाऊ मागच्या खोलीत गुडघे टेकून बसले होते. लंकाबाईंची खाट उभी केली होती, दोरी ताणून बांधली होती, लाल रंगाचा डबा उघडा होता. ते गुणगुणत होते. ब्रश रंगात बुडला आणि राखीच्या तोंडून शब्द बाहेर पडले.

"पप्पा, थांबा. रेघ चुकतेय."

लहानूभाऊंना आयुष्यात हे वाक्य कुणी म्हटलं नव्हतं. चिडलेल्या भाऊबंदांनी त्यांना नाही नाही ते ऐकवलं होतं, पण रेघ चुकली असं कुणी म्हणालं नव्हतं. त्यांनी टेप पुढं केला आणि मोज म्हणाले. राखी म्हणाली, टेपाचं काही चुकत नाही. मग तिनं खडू घेतला आणि लंकाबाईंच्या खाटेखालच्या फरशीवर सगळं मांडलं. साडेबाराशे, सदुसष्ट, पहिली पंगत, शेवटची पंगत, एक्क्याऐंशी हजार सहाशे चौदा. लहानूभाऊ आधी हसले. मग चष्मा काढला, पुसला, परत लावला. मग तिच्या हातातला खडू घेऊन त्यांनी स्वतः पहिल्या वर्षाचे बारा महिने करून बघितले. उत्तर आल्यावर त्यांनी त्याखाली चौरस फूट काढले.

"पहिल्या वर्षी साडेतीन चौरस फूट सुद्धा नाही," ते म्हणाले. "म्हणजे एका पाटाएवढं. आणि मी अख्खा संडास धरला."

लताबाई दारात येऊन उभ्या होत्या. त्यांनी सांगितलं की हे सगळं आता राहू द्या, उद्या चाळीस माणसं यायचीत, लोकांना काय कळतंय. दोरी आहे तिथं रेघ ओढून टाका.

"लोकांच्या शेतात मी कधी चुकीची खूण ठेवली नाही," लहानूभाऊ म्हणाले, "मग घरात ठेवू?"

आणि त्यांनी मोजणी पहिल्यापासून सुरू केली. फिटलेलं मुद्दल अठरा हजारांच्या थोडं वर, म्हणजे आपलं घर साडेत्र्याहत्तर चौरस फूट. संडास आपला. बाथरूम आपलं. टेप स्वयंपाकघरात शिरला, ओट्याखालून पुढं आला आणि अर्ध्यात थांबला. लहानूभाऊंनी रेघ ओढली. रांगेतल्या कुठल्याही घरात ज्याची कल्पना कुणी केली नसेल अशी हद्द त्या स्वयंपाकघरात पडली.

लताबाई रेघेच्या अलीकडं उभ्या होत्या. "म्हणजे गॅस माझा आणि पिठाचा डबा बँकेचा?"

"सध्या तरी."

"मग उद्याच्या पुऱ्यांचं पीठ मळू का बँकेला विचारून येऊ?" असं म्हणून त्यांनी रेघ ओलांडली, डबा उचलला, आपल्या हद्दीत आणून आपटला आणि पीठ मळायला बसल्या. लंकाबाईंनी खाट पुन्हा आडवी केली आणि आता डोक्यापासून पायापर्यंत आपण बँकेतच ना, एवढं विचारून घेतलं. राखी हॉलमध्ये जाऊन पडली. खोलीबद्दल कुणीच काही बोललं नव्हतं. बोलायचं होतंच काय?

दुसऱ्या दिवशी माणसं आली. राखी भाषणाला उभी राहायच्या आतच लहानूभाऊ उभे राहिले. ते बोलणारे नव्हेत, त्यामुळे त्यांनी मोजणीचा अहवाल वाचावा तसं सांगितलं. घर निम्मं आपलं झालं म्हणून तुम्हाला बोलावलं. ते निम्मं नाही, पाचवा हिस्सासुद्धा नाही. माझी चूक झाली. जेवून जा.

राखीनं पुंजाभाऊंकडं बघितलं. दहा वर्षं ज्यांनी हसून घेतलं ते आता काय म्हणणार? पुंजाभाऊ उठून तिच्याजवळ आले आणि खाली वाकून, बायकोला ऐकू जाणार नाही अशा बेतानं म्हणाले, "पोरी, आमचं बी त्याच बँकेचं हाय. सव्वा लाख. बघ ना जरा."

ते पुंजाभाऊंच्या बायकोला ऐकू गेलंच. मग रांगेतल्या एकेकाला आठवलं की आपलंही त्याच सालचं, त्याच दराचं. कुणी मुलाला पासबुक आणायला पिटाळलं, कुणी हप्ता आठवेना म्हणून बायकोशी भांडायला लागलं. राखी हॉलच्या मधोमध मांडी घालून बसली आणि भोवती माणसांचं कडं. ती पंगतीचं उदाहरण देत होती, हात हलवत होती, आवाज चढवत होती. तयार केलेलं भाषण बाजूलाच राहिलं आणि दुसरंच, त्याहून बरं, दोन तास चाललं. लताबाई श्रीखंड पातळ होतंय म्हणून चारदा सांगून गेल्या. शेवटी पानं मांडली, तेव्हा वेगळीच पंचाईत झाली. एरवी 'तुम्ही बसा, तुम्ही बसा' म्हणणाऱ्या माणसांपैकी त्या दिवशी एकालाही शेवटच्या पंगतीला थांबायचं नव्हतं.

पाडव्यानंतर बँक उघडली तेव्हा शुभांगी मॅडमच्या टेबलापुढं सिडकोतली अर्धी रांग उभी होती. मॅडमनी राखीकडं बघितलं आणि फक्त शिपायाला जास्तीच्या खुर्च्या आणायला सांगितलं. लहानूभाऊंचा नंबर पहिला. अर्ज झाला, फी भरली. दर आठ टक्के. मग मॅडमनी पेन खाली ठेवून विचारलं, "आता दोन रस्ते आहेत. हप्ता नऊशे नव्वदवर आणायचा आणि दहा वर्षं भरायची. नाहीतर हप्ता आहे तोच ठेवायचा, म्हणजे सहा वर्षं आठ महिन्यांत मोकळे. कमी काय करू, हप्ता का वर्षं?"

लहानूभाऊंनी राखीकडं वळून बघितलं.

"हप्ता कमी केला तर महिना तीनशे सत्तावीस सुटतात," ते हळू आवाजात म्हणाले. "भाड्याच्या पाचशेत कमी पडतील ते मी बघतो. लंकाबाई जातील. खोली तुझी. कबूल केलं होतं मी."

राखीला कडी दिसली. पितळेची, नवी. ती हो म्हणणार होती. खरंच, 'हो'मधला 'ह' ओठांपर्यंत आलाही होता. पण डोक्यानं मध्येच दगा दिला आणि गुणाकार करून टाकला. नऊशे नव्वद गुणिले एकशेवीस. तेराशे सतरा गुणिले ऐंशी. वजाबाकी तेरा हजारांच्या वर. एका कडीचे तेरा हजार.

"वर्षं," ती म्हणाली. तिच्या मानानं फारच बारीक आवाजात. मॅडमना ऐकू गेलं नाही म्हणून परत सांगावं लागलं.

बाहेर पायरीवर लहानूभाऊंनी पासबुक खिशात ठेवलं. मग म्हणाले की फिटेल तेव्हा तू एकविसाच्या वर असशील. राखी म्हणाली, तेव्हा मला खोली नको असली तर?

"तर बँकेला देऊ भाड्यानं," लहानूभाऊ म्हणाले. "पंधरा टक्क्यांनी."

ती हसली. हसता हसता ओढणीनं नाकही पुसलं. पण लंकाबाईंना आता थांबा म्हणून सांगायचं कुणी, हा प्रश्न होताच. लहानूभाऊंना लाज वाटत होती, लताबाईंना त्याहून जास्त. तेव्हा राखीच गेली. लंकाबाईंनी ऐकून घेतलं, सुईत दोरा ओवला आणि म्हणाल्या, "थांबते. पण मला जा म्हणालात ना? मग आता पन्नास कमी करा."

पन्नास गुणिले ऐंशी, चार हजार. राखीनं मान हलवली. पाचशेच. पण रोज दहा ब्लाउजांना हूक लावून देईन, आणि त्याच्या बदल्यात सात ते नऊ मशीन बंद, खिडकीजवळचा कोपरा माझा.

लंकाबाईंनी तिला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं. "पंधरा ब्लाउज."

"बारा."

"बस मग," लंकाबाई म्हणाल्या, आणि खाट एका बाजूला ओढली.